बहुमजली घराची फरशी आणि व्यापाऱ्याचा पहिला प्रश्न

व्यापाराची वाढ, करांचे ओझे, सचोटी इत्यादी थोर विषयांवर आपल्या स्मरणिकेत दरवर्षी अधिकारी मंडळी लिहितातच. प्रस्तुत लेखकाने पायाखालचा विषय घेतला आहे. फरशी-लादीचा व्यवहार करणाऱ्या बंधूंना त्यात आगाऊपणा दिसल्यास त्यांनी तो पदरात घ्यावा.

आमचे घर बडोद्याच्या दांडिया बाजारातील, जुने, तीन मजल्यांचे. काही वर्षांपूर्वी तळमजल्याची जुनी फरशी न उखडता तिच्यावरच नवी लादी बसविण्याचे ठरले. दुकानदाराने रंग विचारला, माप विचारले, चकाकी हवी की नको तेही विचारले. जिन्याविषयी मात्र त्याने विचारले नाही आणि आम्हालाही सुचले नाही. चुना-सिमेंटच्या थरासह जमीन दोन इंच वर आली. साहजिकच सात इंचांच्या जिन्याची सर्वांत खालची पायरी पाच इंचांची उरली. आठच दिवसांत आमच्या मातोश्री जिना उतरताना शेवटच्या पायरीवर ठेचकाळून पडल्या व त्यांचे मनगट मोडले. चाळीस वर्षे त्या जिन्यावर वावरलेल्या पावलांना जमीन सात इंचांवर सापडायची सवय. ती दोन इंच आधीच लागली. राष्ट्रीय इमारत संहितेत राहत्या घराच्या पायरीची उंची १९० मिलिमीटरपर्यंत असावी असे म्हटले आहे. परंतु उंचीच्या मर्यादेहूनही सर्व पायऱ्या सारख्या असणे अधिक महत्त्वाचे, हे आम्ही मनगटाची किंमत देऊन शिकलो.

म्हणून माझे मत असे की, मजल्यांच्या घरात फरशी निवडताना रंगाचा विचार शेवटी करावा. आधी जिना पाहावा आणि फरशी कशावर बसणार आहे ते पाहावे.

दुसरी गोष्ट वजनाची. जुन्या वाड्यांत व पोळांतील घरांत वरचे मजले सागवानी तुळयांवर, फळ्या व मातीच्या भरीवर उभे असतात. त्यावर पाऊण इंच जाडीचा कोटा किंवा संगमरवर, खाली दीड इंच मसाला, असे घातले की दहा फूट बाय बारा फुटांच्या खोलीवर सुमारे दीड टनाचा नवा बोजा कायमचा चढतो. तुळई एका रात्रीत मोडत नाही. ती हळूहळू वाकते, आणि मग लाद्यांचे सांधे उलू लागले की दोष लादीला दिला जातो! अशा मजल्यावर फळ्याच दुरुस्त कराव्यात, अथवा जाणत्या स्थापत्यज्ञास तुळया दाखवूनच पुढे जावे.

तळमजल्याची चिंता मात्र पाण्याची आहे. २०२४ च्या ऑगस्टअखेरीस विश्वामित्रीने २६ फुटांची धोक्याची पातळी ओलांडून ३५ फुटांच्याही वर मजल मारली आणि सामा, अकोटा, वडसर यांसारख्या भागांत लोकांच्या घरांत पाणी शिरले. लॅमिनेटच्या पट्ट्यांचे अंतरंग दाबलेल्या लाकडी तंतूंचे असते. पुराच्या पाण्यात त्या फुगतात व पुन्हा बसत नाहीत. मोरबीची व्हिट्रिफाइड लादी स्वतः अर्ध्या टक्क्याहून अधिक पाणी पीत नाही, हे खरे. पण कारागिराने घाईने सिमेंटचे चार गोळे टाकून ती टेकवली असेल, तर खालच्या पोकळीत गढूळ पाणी साचून राहते. काम झाल्यावर काठीने प्रत्येक लादी ठोकून पाहावी. पोकळ आवाज आला की ती काढायला लावावी. यात संकोच कसला? कोटा पूर सोसतो, मात्र तो चुनखडीचा दगड असल्याने पूर ओसरल्यावर ॲसिडने धुतला की त्याची कांती जाते.

जुन्या रंगीत सिमेंट-टाइल्सविषयी एक शब्द. १९२२ साली मुंबईत सुरू झालेल्या भारत फ्लोअरिंग टाइल्ससारख्या स्वदेशी कारखान्यांनी असा माल घरोघर पोचविला. ही टाइल भाजत नाहीत, दाबाने घडवतात व पाण्यात मुरवतात. वरचा रंगाचा थर चांगला जाड असल्याने ती घासून पुन्हा उजळता येते. लक्ष्मीविलास राजवाड्याच्या दरबार सभागृहातील व्हेनिसच्या धर्तीची मोझेक जमीन पाहून माना डोलावणारे आपण, घरी येऊन आजोबांनी घातलेली फरशी सब्बलीने उखडतो! पक्की बसलेली जुनी टाइल काढू नका, घासून घ्या, असे गिऱ्हाइकास सांगणारा दुकानदार त्या दिवशीची विक्री गमावील. पण मला तरी असा दुकानदार हवा होता.

संघटनेस एक विनंती. सभासदांच्या अंदाजपत्रकाच्या छापील कागदावर रंग व मापाच्या आधी दोन रकाने वाढवावेत : फरशी कोणत्या मजल्यावर व कशावर बसणार, आणि त्या मजल्यास लागून जिना असल्यास त्याच्या पहिल्या व शेवटच्या पायरीची उंची किती उरणार. आमच्या घरी ती खालची पायरी पुढे फोडून पुन्हा बांधावी लागली, आणि तिच्याबरोबर वरच्या अकराही.