लेखक कोण होता रे?

'कांतारा' तुम्ही पाहिलाच असेल. हिरो कोण? दिग्दर्शक कोण? लेखक कोण? तिन्हींचं उत्तर एकच, ऋषभ शेट्टी. 'ओंदू मोट्टेय कथे'मध्ये राज बी. शेट्टी, 'सु फ्रॉम सो'मध्ये जे. पी. तुमिनाड, तोच हिशेब. भारी वाटतं ना? पण मग कन्नडमध्ये जो नुसता लिहितो, त्याचं काय होतं?

पवन कुमारचा प्रवास बघा. २००९चा 'मनसारे', २०१०चा 'पंचरंगी' या योगराज भटांच्या सिनेमांसाठी त्यानं लिहिलं. लोकांना लक्षात राहिले ते भट. २०११मध्ये पवन स्वतः दिग्दर्शक झाला. पुढची गोष्ट चाकोरीबाहेरची होती, निर्माता मिळेना. मग त्यानं थेट प्रेक्षकांकडे हात पसरला. शंभरहून जास्त लोकांनी मिळून सुमारे पन्नास लाख रुपये उभे केले आणि २०१३मध्ये 'लुसिया' आला. २०१६चा 'यू टर्न' तर बेंगळुरूतल्या एका फ्लायओव्हरवरचा. दुभाजकाचे दगड सरकवून शॉर्टकट मारणारे बाइकवाले, एवढ्यावरून सुचलेला. तो मल्याळम, तमिळ, तेलुगू, हिंदीत पुन्हा बनला. गल्लीतली गोष्ट किती लांब जाते, बघा.

यशोगाथा म्हणून हे छानच आहे. पण नीट पाहिलं तर यात एक गोची आहे. लेखकाला ओळख मिळाली ती लेखन सोडून दिग्दर्शनाच्या खुर्चीत बसल्यावर. 'तिथि'चा लेखक एरेगौडाही पुढे 'बालेकेम्पा'चा दिग्दर्शकच झाला. ज्याला सेट सांभाळायचा नाही, फक्त उत्तम लिहायचंय, त्यानं काय करायचं? आणि दर वेळी लोकवर्गणी काढून सिनेमा होत नसतो.

कायदा लेखकाच्या बाजूनं थोडा आहे. २०१२च्या दुरुस्तीनंतर कॉपीराइट कायदा सांगतो, की थिएटरबाहेरच्या वापरातून येणाऱ्या रॉयल्टीतला हक्क लेखकाला सहीनिशीही सोडून देता येत नाही. म्हणजे टीव्ही, ओटीटी वगैरे. पण नवख्या पोराला हे माहीतच नसतं. 'नाव येईल रे, पैशाचं नंतर बघू' एवढ्यावर तो गोष्ट देऊन मोकळा होतो.

तुमच्यापैकी कुणी एकांकिका लिहितंय, कुणी वेब सिरीजची स्क्रिप्ट. कन्नडवाल्यांकडून आपल्याच रस्त्यावरचं लिहायला जरूर शिका. पण गोष्ट कुणाला ऐकवण्याआधी मेल करून ठेवा, स्क्रिप्टची नोंदणी करा, करार वाचल्याशिवाय सही करू नका. आणि पुढचा सिनेमा आवडला, तर श्रेयनामावलीत लेखकाचं नाव येईपर्यंत खुर्चीतून उठू नका. सुरुवात आपल्यापासूनच होऊ दे.