प्रधानपतींना हसताना

‘पंचायत’ ही हिंदी मालिका २०२० पासून आपल्याकडेही आवडीने पाहिली जाते. २०२५ पर्यंत तिचे चार भाग आले. उत्तर प्रदेशातील बलिया जिल्ह्यातले फुलेरा हे कल्पित गाव, तिथे नोकरीला आलेला सचिव आणि निर्मळ विनोद. घरातल्या सर्वांनी मिळून पाहावे असे काही आले, याचा आनंद आहेच. परंतु आपण नेमके कशाला हसतो, हे तपासायला हवे.

गावाच्या निवडून आलेल्या प्रधान आहेत मंजूदेवी. जागा महिलांसाठी राखीव म्हणून त्या उभ्या राहिल्या. कारभार मात्र पती पाहतात आणि गाव त्यांनाच ‘प्रधानजी’ म्हणतो. रघुवीर यादव यांनी हा माणूस इतका लोभस रंगवला आहे की, त्याने बायकोची खुर्ची बळकावली आहे हे आपण विसरून जातो. माझा आक्षेप इथेच आहे. तो दुष्ट असता तर राग आला असता. प्रेमळ आहे म्हणून माफ होतो. आपल्या गावातले ‘सरपंचपती’ही असेच प्रेमळ असतात!

मंजूदेवी बदलतात, हे मान्य. जिल्हाधिकारी बाई येणार म्हणून त्या राष्ट्रगीत पाठ करून झेंडा फडकवतात. पुढे निर्णयही घेऊ लागतात. तरी चौथ्या भागातील निवडणूक पाहा. उमेदवार दोन बायका, झुंज दोन नवऱ्यांची. निशाण्या कोणत्या? दुधी भोपळा आणि प्रेशर कुकर! स्वयंपाकघर निवडणुकीतही सुटत नाही.

७३वी घटनादुरुस्ती २४ एप्रिल १९९३ रोजी अमलात आली. पंचायतीत एक तृतीयांश जागा महिलांना मिळाल्या. महाराष्ट्राने २०११ मध्ये त्या निम्म्या केल्या. ओबीसी महिलांच्या जागेवर आपल्या समाजातील भगिनीही निवडून येतात. मग घरातले पुरुष म्हणतात, ‘ती पडद्यात असते, सभेत कशी बसेल?’ सवाल साधा आहे. मते मागताना तिचा पडदा आड येत नाही, तो खुर्चीवर बसतानाच कसा आड येतो? यात धर्माचा काही संबंध नाही. ही निव्वळ सत्तेची हाव आहे, आणि ती सर्व जातिधर्मांच्या घरांत सारखीच आहे.

शिवाय धनादेशावर सही तिची असते. उद्या हिशेबात घोटाळा निघाला तर चौकशीला नवरा नव्हे, तीच उभी राहणार. अधिकार त्याचा आणि जबाबदारी तिची, हा कुठला न्याय?

आपल्या राज्यात ग्रामसभेच्या आधी महिलांची सभा घेण्याची कायद्यात तरतूद आहे. ती कागदावर उरकली जाऊ नये. तिथे बायकांनी जावे, बोलावे, हिशेब मागावा. आणि सरपंच बाईंच्या शेजारी नवरा येऊन बसला, तर त्याला नम्रपणे बाहेरचा दरवाजा दाखवावा. मालिका पाहून जरूर हसा. पण तेच दृश्य आपल्या पंचायतीत दिसले, तर तिथे हसू नका.