संत हवा की नटी?

शुक्रवारी रात्री उशिरा रिलीज एकदाचं पार पडलं. शनिवारी दुपारी फोन सायलेंटवर टाकला आणि 'हिमाला' (१९८२) बघितला. नावावरून हिमालय वाटेल, पण फिलिपिन्सच्या टागालोग भाषेत या शब्दाचा अर्थ 'चमत्कार'. दिग्दर्शक इश्माएल बेर्नाल, नायिका नोरा औनोर.

दुष्काळी गावातल्या एल्साला कुमारी मेरीचं दर्शन होतं. ती लोकांना बरं करू लागते. मग काय, गावात जत्राच! गर्दी, पैसा, धंदे... शेवट सांगत नाही, स्वतः बघा. नोरा अख्ख्या सिनेमात फारसा आवाज चढवत नाही. सगळं काम डोळे करतात.

ही बाई मूळची गायिका. १९५३ चा जन्म, घरची गरिबी, लहानपणी इरिगाच्या रेल्वे स्टेशनवर पाणी विकायची. त्या काळी तिकडच्या हिरॉइनी म्हणजे गोऱ्यापान, अर्ध्या युरोपियन दिसणाऱ्या. ही सावळी आणि बुटकी. पण कष्टकरी बायकांना पडद्यावर पहिल्यांदा आपल्यासारखं कुणीतरी दिसलं. सिंगापुरात फाशी गेलेल्या फ्लोर काँतेम्प्लासिओन या मोलकरणीची भूमिकाही तिनेच केली (१९९५). त्यासाठी कैरोच्या महोत्सवात तिला सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचं पारितोषिक मिळालं.

२०१४ मध्ये 'राष्ट्रीय कलाकार' या किताबासाठी तिची शिफारस झाली, पण राष्ट्राध्यक्ष आकिनो यांनी नाव गाळलं. कारण? अमली पदार्थांचं जुनं प्रकरण. लोकांत चुकीचा संदेश जाईल म्हणे. शेवटी २०२२ मध्ये किताब मिळाला आणि एप्रिल २०२५ मध्ये, वयाच्या ७१ व्या वर्षी, ती गेली.

आकिनोंचा मुद्दा अगदीच पोकळ होता असं मी म्हणणार नाही. सरकारी सन्मानाकडे पोरंटोरं बघत असतात. पण मग किताबाचं नाव 'राष्ट्रीय सज्जन' ठेवा ना! कलाकाराचं अप्रेझल करायचं तर कामाचं करा.

गंमत म्हणजे 'हिमाला' सरकारी संस्थेच्याच पैशातून बनला होता, आणि त्यात हेच तर दाखवलंय. गावाला एल्सा नकोच असते, संत हवी असते. माणूस म्हणून ती कुणालाच चालत नाही. पडद्यावर नोराने जे भोगलं, तेच पुढे तिच्या वाट्याला आलं, फक्त या वेळी गावाच्या जागी सरकार होतं.

असो. उद्या 'बोना' (१९८०) बघणार. त्याची निर्मितीही तिच्याच कंपनीची. सोमवारला अजून वेळ आहे!