फुकटचा नव्हे, पगारातला दवाखाना

वरळीच्या कामगार विमा रुग्णालयाचा विषय निघाला की दोन गोष्टी हमखास ऐकू येतात. एक, कामगार विम्याची ही योजना म्हणजे महायुद्धानंतरच्या विलायतेची नक्कल. दुसरी, सरकारनं गिरणी कामगारांना फुकट औषधपाणी दिलं. आता गिरण्याच उरल्या नाहीत, तर एवढी जागा कशाला अडवायची?

नकलेचं आधी बघू. युद्ध चालू असतानाच, 1943 मध्ये, प्रा. बी. पी. अडारकरांवर कामगारांच्या आरोग्यविम्याचं काम सोपवलं गेलं. पुढच्या वर्षी त्यांचा अहवाल आला. विलायतेतला सामाजिक विम्यावरचा बेव्हरिज अहवाल तेव्हा जगभर गाजत होता, त्याचा वारा इथंही लागला, हे मान्य. पण आजारविम्याचा विषय कामगारांच्या प्रश्नांवरच्या व्हिटली आयोगानं 1931 मध्येच पुढे आणला होता, आणि त्या आयोगावर आपले कामगार नेते ना. म. जोशी होते. आपला कायदा एप्रिल 1948 चा. विलायतेची राष्ट्रीय आरोग्यसेवा सुरू झाली जुलैत. खरं तर पुरती नक्कल झाली असती तर बरं! तिथं करातून सगळ्यांना उपचार. इथं ठरावीक पगाराच्या आतल्या कारखाना कामगारालाच, तेही वर्गणी भरून. ऐपत न पाहता सर्वांवर उपचार व्हावेत, असं आपल्याकडच्या आरोग्यविषयक भोर समितीनं 1946 मध्ये सांगितलं होतं. ते बासनात गेलं.

म्हणजे ‘फुकट’ हा आरोप मुळातच खोटा. 1954 च्या ऑक्टोबरात योजना मुंबईत आली, ती पगारातल्या कपातीसकट. रोजी एक रुपयाच्या आत असलेल्यांना तेवढी सूट होती. राज्य सरकार उपचारखर्चाचा वाटा उचलत असे, हे खरं. पण त्यानं कामगाराची वर्गणी पुसली जात नाही.

तक्रार करायचीच तर वेगळी करा. सुरुवातीला विमा होता एकट्या कामगाराचा. बीडीडी चाळीतल्या एका खोलीत सगळं घर राहणार. क्षय झाला तर नवऱ्याला विम्याचा पॅनेल डॉक्टर, आणि त्याच खोलीत खोकणारी बायको मात्र केईएम रुग्णालयाच्या रांगेत! कुटुंबांना उपचार मिळू लागले ते 1958 पासून, आणि तेही टप्प्याटप्प्यानं.

राहिला जागेचा प्रश्न. गिरण्यांच्या जमिनींवरच्या टॉवरांत पहारा देणारे, लाद्या पुसणारे, मॉलमध्ये दिवसभर उभे राहणारे, यांतले एकवीस हजारांच्या आत पगार असलेले आज याच विम्यात येतात. त्यांच्या पगारातून दरमहा पाऊण टक्का कापला जातो, मालक सव्वातीन टक्के भरतो. रुग्णालय मोडा म्हणणाऱ्यांनी आधी त्यांना विचारावं.