पारवा, हरियाल आणि आपली दया



मागच्या आठवड्यात भंडाऱ्याला किराणा घ्यायला गेले होते. दुकानदार ओळखीचा. ज्वारी मागितली तर हसून म्हणाला, "भाकरीला की कबुतरांना, वहिनी?" शेजारी उभ्या असलेल्या दोघी हसल्या. मीही हसले. पण वैनगंगा ओलांडून कारध्याला घरी पोहोचले तरी ते वाक्य काही मनातून गेलं नाही.

कबुतराच्या नावावर माणसांनी काय काय खपवलंय! एका खोलीत सहा जण राहत असले की म्हणायचं "कबुतरखाना". खोट्या कागदांवर माणसं परदेशी पाठवण्याच्या धंद्याला वर्तमानपत्रं "कबुतरबाजी" म्हणतात. मांजर आलं की कबुतर डोळे मिटतं, हे तर आपण मुलांनाही ऐकवतो. बिचाऱ्याच्या वाट्याला एकच चांगला शब्द आला, तो आपल्या आई-आजीच्या तोंडचा: पारवा रंग. पारव्या रंगाचं लुगडं नेसलेली माझी आजी मला अजून आठवते. आणि आता मात्र "कबुतर" हा शब्द चक्क आपल्यालाच चिकटला आहे.

तो का चिकटला हे आपण सगळ्या जाणतो. जुलै 2025 मध्ये मुंबईतले 51 कबुतरखाने बंद करण्याची घोषणा विधान परिषदेत झाली. महिनाअखेर उच्च न्यायालयाने बंदी मोडून दाणे टाकणाऱ्यांवर गुन्हे नोंदवायला सांगितलं. दादरच्या कबुतरखान्यावर ताडपत्री पडली आणि 6 ऑगस्टला जमावाने ती फाडली. त्यात आपल्या बायका पुढे होत्या. टीव्हीवर ते दृश्य पाहताना आमच्या सासूबाईंनी हात जोडले. मी जोडू शकले नाही.

कारण माझी मोठी नणंद. ताई पंचवीस वर्षं मुंबईत राहतात. रोज सकाळी खिडकीच्या कट्ट्यावर मूठभर दाणे टाकल्याशिवाय त्यांनी चहा घेतला नाही. आधी कोरडा खोकला सुरू झाला, मग जिना चढताना दम. डॉक्टरांनी विचारलं, "घराजवळ कबुतरं आहेत का?" तर ताई कौतुकाने म्हणाल्या, "हो, मीच रोज दाणे घालते ना!" विष्ठेची आणि पिसांची बारीक धूळ वर्षानुवर्षं श्वासात गेली की काही जणांच्या फुफ्फुसांना सूज येते, पुढे व्रण पडतात, आणि व्रण पडलेला भाग पुन्हा पहिल्यासारखा होत नाही. दिवाळीला ताई इथे आल्या तेव्हा गाडीतून आधी प्राणवायूचं यंत्र उतरलं, मग ताई.

"कर्म आहे बाई," असं सासूबाई म्हणतात. असेलही. पण ताईंच्या खालच्या मजल्यावरच्या बाईने कधी एक दाणा टाकला नव्हता, तीही खोकते. तिचं काय?

मेघरथ राजाची गोष्ट आपण पाठशाळेत ऐकली आहे. शांतिनाथ भगवंतांचा तो पूर्वभव. शरण आलेल्या कबुतराला वाचवायला राजाने ससाण्यापुढे स्वतःच्या मांडीचं मांस कापून तराजूत घातलं. ताडपत्री फाडली तेव्हा हीच गोष्ट ढालीसारखी पुढे केली गेली. पण सख्यांनो, मेघरथाने स्वतःचं दिलं. शेजारणीचं फुफ्फुस तराजूत नाही घातलं.

आणि आपण ज्याला दया म्हणतो तिने त्या पक्ष्याचं तरी भलं होतं का? लक्का, लोटण, गिरेबाज अशी कितीतरी नावं आहेत, पण हे सगळे एकाच रानपारव्याचे वंशज. मूळचा हा कडेकपारीत राहणारा, दाणे शोधत हिंडणारा पक्षी. आमच्या जुन्या पुलाखाली अजून तसे दिसतात, नदीकाठच्या शेतांत पोट भरून येतात. पण जागच्या जागी पोत्याने दाणे मिळाले की पारवा बारा महिने अंडी घालतो. पिल्लांना किडे लागत नाहीत. नर आणि मादी दोघंही गळ्याच्या पिशवीत दुधासारखा घास तयार करून भरवतात (बापसुद्धा!). संख्या वाढते, मग त्याच थव्यात रोगराई. आपण वाढवलेला जीव आपणच दाटीत लोटायचा, ही कसली जयणा?

तरी एका रात्रीत ताडपत्री टाकणंही मला पटलं नाही. वर्षानुवर्षं एकाच जागी खायला शिकवलेले जीव, त्यांना एकाएकी उपाशी कसं ठेवायचं? वस्तीपासून लांब, ठरलेल्या वेळी थोडे दाणे, आणि हळूहळू तेही कमी, असं पहिल्याच दिवशी झालं असतं तर ना मोर्चा निघता, ना आपल्याला टोमणे ऐकावे लागते.

आपल्या महाराष्ट्राचा राज्यपक्षीसुद्धा कबुतराच्याच जातीचा आहे, हे किती जणींना ठाऊक आहे? हरियाल, म्हणजे हरोळी. हिरवट-पिवळा, हळद लावल्यासारखे पिवळे पाय. जमिनीवर क्वचितच उतरतो, आपल्या पोत्याकडे तर ढुंकूनही बघत नाही. तो खातो वड, पिंपळ, उंबर यांची फळं. म्हणजे पाहा, आपण जी पाच उदुंबर फळं अभक्ष्य म्हणून सोडली, त्यांवर हा जगतो.

आमच्या परसात एक जुना उंबर आहे. फळं पिकली की खाली नुसता चिखल होतो, त्यात बारीक किडे, आणि झाडताना जीव जातील म्हणून हात थरथरतो. दोन वर्षं मीच घरात म्हणत होते, तोडून टाका हे झाड. सासूबाई नको म्हणायच्या, मी ऐकत नव्हते. मागच्या महिन्यात सकाळी गच्चीवर गेले तर फांदीवर सात-आठ हरियाल. पानांत पान होऊन बसलेले, उडाले तेव्हाच कळलं.

सासूबाईंना वर बोलावून दाखवलं. गच्चीवर कणी टाकायचा त्यांचा डबा त्यांनी अजून सोडलेला नाही, पण आता मुठीऐवजी चिमूट असते. उंबर तोडायचा नाही असं मी यजमानांना सांगितलं आहे. फळांच्या दिवसांत त्या बाजूने जायचंच नाही, धुणं पुढच्या अंगणात वाळत घालायचं. दोरी बांधून झाली आहे.