टायरचा घसारा आणि आपला प्रमाद



गेल्या अंकात दुकानाच्या आगविम्याविषयी लिहिले होते. तो लेख वाचून साताऱ्याच्या एका व्यापारी बंधूंनी पत्र पाठवले, पण विचारले मात्र वेगळेच. "क्रॉसओव्हर गाडी घेऊन सहा वर्षे झाली. टायर बदलावेत असे मुलगा म्हणतो. दुकानदार चार प्रकार दाखवतो आणि चार किमती सांगतो. आपण बँकेत आयुष्य घालवलेत. हिशेबाने सांगा, कोणते घ्यावेत?" हा विषय माझ्या सदराचा नव्हे, असे प्रथम वाटले. मग तीन वर्षांपूर्वीची ज्येष्ठातील एक सकाळ आठवली आणि या विषयावर लिहिणे हे माझे कर्तव्यच आहे, असे मनाने घेतले.

सांगलीहून पहाटे पाचला निघून आम्ही साताऱ्याला चाललो होतो. गाडीत सौ., सून आणि नऊ वर्षांची नात. पेठ नाका, कराड मागे पडले. रात्री मृगाचा पहिला पाऊस होऊन गेला होता. उंब्रजच्या अलीकडे पुढच्या टेम्पोने एकाएकी वेग कमी केला, म्हणून मीही ब्रेक दाबला. वेग सत्तरच्या आतबाहेर असेल. गाडी थांबली नाही; साबणावरून सरकावी तशी ती डावीकडे सरकत गेली आणि रस्ता सोडून बाजूच्या चिखलात रुतून उभी राहिली. समोर पंधरा-वीस पावलांवर चातुर्मासस्थळाकडे विहार करणारा एक मुनिसंघ चालला होता. हातात पिच्छी-कमंडलू, मागेपुढे दहा-बारा श्रावक-श्राविका. आवाज ऐकून सर्वजण वळले. एक श्रावक धावत आले आणि त्यांनी प्रथम विचारले, "कोणाला लागले नाही ना?" महाराजांनी दुरूनच आशीर्वादाचा हात उंचावला. त्या आशीर्वादाखाली मान खाली घालून उभे राहताना जे वाटले, ते शब्दांत मांडता येत नाही.

साताऱ्यात पोहोचल्यावर टायरच्या दुकानात गेलो. "अहो, फक्त एकतीस हजार किलोमीटर चाललेली गाडी आहे. नक्षी पाहा, अजून चांगली आहे," असे मीच त्यांना ऐकवले. दुकानातील वयस्कर कारागिराने काही न बोलता टायरच्या बाजूवरील एका लंबगोल चौकटीवर बोट ठेवले. तेथे चार आकडे होते : २३१६. "साहेब, २०१६ सालच्या तेविसाव्या आठवड्यात बनलेला टायर आहे. सात वर्षं झाली. नख रोवून बघा." नख रोवले, पण ते रबरात शिरेना. बाजूच्या भिंतीवर केसासारख्या बारीक भेगा होत्या. नक्षी होती, पण रबर मेले होते.

तीस वर्षे कर्जदारांचे ताळेबंद तपासताना मी त्यांना घसाऱ्याचे दोन प्रकार समजावून देत असे. एक वापराने होणारा, दुसरा केवळ काळाने होणारा. यंत्र बंद असले तरी त्याची किंमत उतरतच असते, हे वाक्य मी किती वेळा उच्चारले असेल, त्याची गणती नाही. स्वतःच्या दारातल्या टायरला मात्र तो नियम लावायचे सुचले नाही. आपल्या व्यापारी घरांत ही चूक विशेष संभवते. आपली गाडी घरून पेठेत, पेठेतून मंदिरात आणि सणाला पाहुण्यांकडे जाते. वर्षाकाठी चार-पाच हजार किलोमीटर होतात. अशा गाडीचे टायर झिजून नव्हे, तर वयाने मरतात. आणि नक्षी शाबूत दिसत असल्यामुळे ते मेल्याचे कळत नाही. टायर पाच वर्षांचे झाले की दरवर्षी जाणकाराकडून तपासून घ्यावेत आणि दहा वर्षांनंतर कोणत्याही स्थितीत वापरू नयेत, असा कंपन्यांचा सर्वसाधारण सल्ला असतो. सांगली-जतकडचे ऊन सोसणाऱ्या गाडीसाठी मी माझ्यापुरती सहा वर्षांची मर्यादा ठरवली आहे. नवे टायर घेतानाही हे चार आकडे प्रथम वाचावेत. सवलतीत मिळणारा टायर गोदामात दोन वर्षे पडलेला असेल, तर त्या सवलतीत आपण त्याचे आयुष्यच विकत दिलेले असते.

आता पत्रातील मूळ प्रश्नाकडे वळू.

क्रॉसओव्हर म्हणजे काय, हे आधी समजून घ्यावे. दिसायला ती जीपसारखी उंच आणि भारदस्त असते. पण तिची बांधणी मोटारीची असते. जड, स्वतंत्र चॅसीवर ती उभी नसते. तिला थोडी उंची मिळते, ती खड्डे, गतिरोधक आणि पावसाळी रस्ते यांच्यासाठी. डोंगर चढण्यासाठी नव्हे. दुकानात मुख्यतः तीन जाती दिसतात. हायवे टेरेन, म्हणजे डांबरी रस्त्याचे टायर. ऑल टेरेन, म्हणजे रस्ता आणि कच्ची वाट दोन्हींसाठीचे. आणि मड टेरेन, म्हणजे खास चिखलाचे. मोठमोठ्या ठोकळ्यांची नक्षी असलेले टायर तरुणांना रुबाबदार वाटतात. पण ते वजनाला जड असतात, रस्त्यावर घोंघावतात, इंधन जास्त खातात आणि ओल्या डांबरावर ब्रेक दाबल्यास बहुधा हायवे टायरपेक्षा अधिक अंतर घेतात. ज्याची शेती शिराळ्याच्या किंवा पाटणच्या डोंगराळ भागात आहे आणि ज्याला आठवड्यातून चार वेळा कच्च्या वाटेने जावे लागते, त्याने ऑल टेरेनचा विचार अवश्य करावा. बाकीच्यांनी मुलाचा हट्ट प्रेमाने मोडावा. गरजेपुरतेच घ्यावे, ही शिकवण आपल्याला घरातूनच मिळालेली आहे.

आकाराची भाषाही अवघड नाही. समजा टायरवर '२१५/६० आर १६ ९५ एच' असे लिहिले आहे. टायरची रुंदी २१५ मिलिमीटर. बाजूच्या भिंतीची उंची त्या रुंदीच्या ६० टक्के. 'आर' म्हणजे रेडियल बांधणी. रिमचा व्यास १६ इंच. ९५ हा भारांक. त्याचा अर्थ असा की एक टायर ६९० किलो भार पेलू शकतो. 'एच' हे वेगाचे अक्षर, म्हणजे ताशी २१० किलोमीटरपर्यंत. इतक्या वेगाने कोणी जायचे नसते. पण ते अक्षर टायरची उष्णता सोसण्याची शक्तीही सांगते. म्हणून भारांक आणि वेगाचे अक्षर मूळ टायरपेक्षा खालचे कधीही घेऊ नये. मागच्या बाजूला बेदाण्याचे बॉक्स किंवा हळदीची पोती टाकून पाच माणसे बसवणाऱ्या आपल्या मंडळींनी तर मुळीच नाही.

काही जण रुबाबासाठी जास्त रुंद टायर बसवतात. वरच्या उदाहरणातील टायरचा एकूण व्यास सुमारे ६६४ मिलिमीटर भरतो. त्याच रिमवर २३५/६० बसवला, तर तो ६८८ होतो. म्हणजे चाक सुमारे साडेतीन टक्क्यांनी मोठे झाले. काटा शंभर दाखवत असताना गाडी प्रत्यक्षात त्याहून वेगाने धावत असते आणि चाक पूर्ण वळवल्यावर टायर आतून घासण्याचा संभव असतो. कंपनीने त्याच गाडीच्या वरच्या प्रकारासाठी मान्य केलेला आकार चालतो. स्वतःच्या मनाने ठरवलेला नव्हे.

आपल्या भागापुरते बोलायचे तर पाऊस आणि ऊन या दोन्हींचा विचार करावा लागतो. सातारा जिल्ह्यातच एका टोकाला महाबळेश्वरचा मुसळधार पाऊस, तर दुसऱ्या टोकाला माण-खटावचा दुष्काळ. सांगली जिल्ह्यात शिराळा आणि जत-आटपाडी यांची तीच कथा. शिवाय नदीकाठची काळी माती आहे. गळिताच्या हंगामात उसाच्या ट्रॉल्यांच्या चाकांना लागून ती रस्त्यावर येते, उन्हाळ्यात धूळ होऊन बसते आणि पहिल्या पावसात तिचा लेप होतो. माझी गाडी सरकली ती अशाच रस्त्यावर. म्हणून निवड करताना ओल्या रस्त्यावरील पकड हा पहिला निकष मानावा. भारतीय मानक ब्यूरोचे चिन्ह तर टायरवर असलेच पाहिजे. त्याशिवाय केंद्र सरकारने २०२२ मध्ये अधिसूचना काढून घर्षणाचा रोध, ओल्या रस्त्यावरील पकड आणि आवाज या तिन्हींसाठी नवी मानके लागू केली आहेत. दुकानदाराला या तिन्हींविषयी विचारावे. जाणकार दुकानदाराला अशा प्रश्नाचा राग येत नाही.

नक्षीच्या खाचांचे काम शोभेचे नसते. टायर आणि रस्ता यांच्यामधले पाणी बाहेर फेकणे, हे त्यांचे काम. एका टायरचा रस्त्याला टेकलेला भाग जेमतेम तळहाताएवढा असतो. चार तळहातांवर सारे कुटुंब धावत असते. खाचांची खोली १.६ मिलिमीटरवर आली की टायर कायद्याने बाद होतो; खाचांच्या तळाशी असलेल्या उंचवट्यांपाशी नक्षी आली की ते ओळखता येते. पण पावसाळ्यापूर्वी तीन मिलिमीटरच उरले असतील, तर कायद्याची वाट पाहू नये. समृद्धी महामार्गावर २०२३ मध्ये परिवहन विभागाने टायर तपासण्याची मोहीम घेतली आणि गोटा झालेल्या टायरच्या गाड्या माघारी पाठवल्या. तेथे वेगमर्यादा १२० असून रस्ता काँक्रीटचा आहे. अशा अखंड वेगात कमकुवत टायर तापून फुटतो. सांगलीकरांना तो रस्ता रोजचा नसला तरी त्यातला धडा आपल्याही उपयोगाचा आहे.

हवेविषयी एक गैरसमज दूर करतो. उन्हाळ्यात हवा कमी ठेवावी, असे अनेकजण सांगतात. वस्तुस्थिती उलट आहे. हवा कमी असली की टायरच्या भिंती अधिक वाकतात, जास्त तापतात आणि फुटण्याचा धोका वाढतो. अति हवाही वाईट. तिने पकड कमी होते. चालकाच्या दाराजवळच्या चिठ्ठीवर कंपनीने आकडे दिलेले असतात. टायर थंड असताना, पंधरवड्यातून एकदा, तेवढीच हवा भरावी. गाडी भरून जाणार असेल, तर त्यासाठीचा वेगळा आकडा त्याच चिठ्ठीवर असतो. स्टेपनीतही हवा पाहावी. आपण नेमके तिलाच विसरतो. दोनच नवे टायर घ्यायचे असतील, तर ते मागच्या चाकांना बसवावेत, म्हणजे ओल्या वळणावर गाडीची मागची बाजू घसरत नाही. दर दहा हजार किलोमीटरला चाकांची अदलाबदल आणि अलाइनमेंट करावे. सातारा ते कागल महामार्गाच्या रुंदीकरणाच्या कामात वळवलेल्या रस्त्यांच्या कडा धारदार आहेत. त्यांवर चाक आपटले असेल, तर टायरच्या भिंतीला फुगा आला आहे का, ते पाहावे. फुगा आलेला टायर दुरुस्त होत नाही, तो बदलावाच लागतो.

आता व्यापाऱ्यांसाठी हिशेब. समजा चार चांगले टायर ३२ हजार रुपयांना मिळाले आणि ते ४० हजार किलोमीटर चालले. म्हणजे किलोमीटरला ८० पैसे. त्याच किलोमीटरला पेट्रोल सात रुपयांच्या आसपास लागते. स्वस्त टायर घेऊन आठ हजार वाचवले, तर किलोमीटरमागे बचत वीस पैशांची. गाडी कमी चालत असेल, तर टायर किलोमीटरवर नव्हे, वर्षांवर वाटावा : ३२ हजार भागिले सहा वर्षे, म्हणजे महिन्याला साडेचारशे रुपयांहून कमी. २२ सप्टेंबर २०२५ पासून टायरवरील जीएसटी २८ टक्क्यांवरून १८ टक्क्यांवर आला आहे. करापूर्वी १० हजार किंमत असलेला टायर १२,८०० ऐवजी ११,८०० रुपयांना पडतो. ही बचत खिशात न टाकता चांगल्या टायरकडे वळवावी, असे मी सुचवेन. आणि पक्के बिल घ्यावे. त्याशिवाय हमी मिळत नाही.

शेवटी त्या सकाळकडे परत येतो. मुनी ईर्यासमितीने चालतात. पावलापुढची जमीन पाहून, एकही जीव चिरडू नये या काळजीने. त्यांच्यामागून आपण टनभर वजनाचे यंत्र घेऊन येतो. आपल्या आचार्यांनी हिंसेचा विचार करताना प्रमादाला, म्हणजे असावधानतेला, मुळाशी ठेवले आहे. त्या दिवशी कोणाला दुखापत झाली नाही; पण माझा प्रमाद तर घडला होता. गाडीची पूजा मी दर दसऱ्याला करत होतो. टायरवरचे ते चार आकडे मात्र सात वर्षांत एकदाही वाचले नव्हते.

पत्र पाठवणाऱ्या बंधूंना माझे उत्तर असे : कंपनीने सांगितलेल्या आकाराचे, मूळ भारांकाचे, ओल्या रस्त्यावर चांगली पकड असलेले आणि गेल्या काही महिन्यांत बनलेले हायवे टायर घ्यावेत. आणि घेण्यापूर्वी, आज संध्याकाळीच, सूर्यास्ताच्या आत चष्मा लावून आपल्या गाडीपाशी खाली बसावे आणि ते चार आकडे वाचावेत. टायर पाच आहेत, पाचही वाचावेत.

जय जिनेंद्र.