पंढरीची वाट सोडून आलेलं पाणी

शेजारच्या दुसरीतल्या पोरीला जादूच्या नदीची गोष्ट हवी होती. नदीने डोंगर ओलांडला पाहिजे, ही तिची अट. म्हटलं, गोष्ट कशाला, नदीच दाखवतो. कल्याणजवळ मोहन्याला उल्हास नदीच्या बंधाऱ्यावर नेलं. ती बराच वेळ बघत राहिली आणि म्हणाली, "काका, नदी कुठाय?"

तिचं काही चुकलं नव्हतं. फेब्रुवारी संपत आला होता आणि या काठापासून त्या काठापर्यंत नुसती जलपर्णी. वर जांभळी फुलं, मधून गायबगळे खुशाल चालत होते. एक कुत्रं शेत समजून आत शिरलं आणि पोटापर्यंत बुडाल्यावर केकाटत मागे फिरलं.

पण गोष्ट खरी आहे. उल्हास राजमाचीच्या डोंगरात उगम पावते आणि कर्जत, नेरळ, बदलापूर करत आपल्या दारात येते, एवढं आपण शाळेत घोकलेलं असतं. पुढचं कुणी सांगत नाही. मावळात ठोकरवाडीला आंध्रा नदीवर टाटांचं धरण आहे. आंध्रा मिळते इंद्रायणीला, इंद्रायणी भीमेला, भीमा कृष्णेला. म्हणजे त्या पाण्याने देहू, आळंदी, पंढरपूर करत बंगालच्या उपसागराला जायचं. १९२२ पासून ते उलटं वळतं. बोगद्यातून सह्याद्रीच्या कड्याशी येतं, मोठ्या नळांतून पाचशे मीटरहून जास्त खाली भिवपुरीच्या वीजघरावर कोसळतं, चाकं फिरवतं आणि उल्हासच्या पात्राला लागतं. एप्रिल-मेमध्ये कोकणातल्या कितीतरी नद्यांचे खडक उघडे पडतात, तेव्हा आपली वाहती असते ती या पाण्याच्या जोरावर.

तेच पाणी मोहिलीला उचलून कल्याण-डोंबिवलीला जातं, शहाडहून ठाणे, भिवंडी, मीरा-भाईंदरकडे जातं. पंढरीला निघालेलं पाणी आपल्या सकाळच्या चहात असतं. भीमेच्या खोऱ्यातली माणसं हे पाणी परत मागतात, आणि त्यांचं म्हणणं अगदीच वावगं नाही. उद्या ती इथे येऊन उभी राहिली आणि विचारलं, आमच्या तोंडचं पाणी नेलंत, त्याचं केलंत काय? तर आपण काय दाखवणार, हा हिरवा गालिचा?

परवा मी एक रोप उपटून पाहिलं. देठ फुगीर, आत स्पंजासारखा. म्हणून ते तरंगतं. खाली हातभर काळ्या मुळांची झालर, तिच्यात चिखल, एक गोगलगाय आणि शाम्पूची फाटकी पुडी. वास गटाराचा. हाताला अंदाजापेक्षा बरंच जड लागलं. ही वनस्पती दक्षिण अमेरिकेतली. तिला हवं ते खाणं आपण पुरवतो: मैलापाणी, साबणाचा फेस, निर्माल्य. वरच्या शहरांचं सांडपाणी येतंच, त्यात मोहने आणि गाळेगावच्या नाल्यांची भर. असं पोसलेलं रोप दोनेक आठवड्यांत दुप्पट होतं. खाली ऊन पोचत नाही, पाण्यातला प्राणवायू संपतो, मासे वर येऊन तोंड वासतात. पहिल्या पावसात प्रवाहाविरुद्ध वर चढणारे वलगणीचे मासे धरायला काठावर झुंबड उडायची, ते आता पोरांना शब्दासकट सांगावं लागतं.

मोहन्याच्या एनआरसी कारखान्याचा भोंगा वाजायचा तोवर सगळा दोष कारखान्यांवर टाकून मोकळं होण्याची सोय होती. २००९ मध्ये कंपनीला टाळं लागलं. नदी काही निवळली नाही. वनशक्ती संस्थेने २०१३ मध्ये उल्हास आणि वालधुनी या नद्यांसाठी हरित न्यायाधिकरणात दाद मागितली, २०१५ मध्ये निकाल आला. कोर्टाचं काम कोर्टाने केलं. पण कोर्ट काही रोज सकाळी नाल्याच्या तोंडाशी उभं राहणार नाही. तिथे आपणच हवेत.

दरवर्षी उन्हाळ्यात यंत्रं उतरतात, ढीग काढतात, फोटो येतात. जलपर्णी काढायलाच हवी, वाद नाही. पण तोवर फुलं येऊन गेलेली असतात, बी गाळात पडून वर्षानुवर्षं वाट बघतं. जुलैत पूर उरलंसुरलं खाडीकडे ढकलून देतो आणि आपण सगळे सुटकेचा निःश्वास टाकतो, पुढच्या जानेवारीपर्यंत. माझं म्हणणं एवढंच की हात जानेवारीत घाला, फुलाआधी. आणि त्याहून आधी नाल्याला घाला.

आपल्या सोसायटीचं सांडपाणी कुठे जातं, हे अध्यक्षांना विचारा. माहीत नसेल तर सगळे मिळून प्रभाग कार्यालयात जा आणि लेखी विचारा. पोच घेतल्याशिवाय उठू नका. मैल्याचा टँकर रात्री नाल्यात रिकामा होताना दिसला तर गाडीचा नंबर टिपून प्रदूषण नियंत्रण मंडळाच्या कल्याण कार्यालयात तक्रार करा. निर्माल्याची पिशवी पुलावरून भिरकावणाऱ्या माणसाला हटका, तो ओळखीचा असला तरी. खरं तर ओळखीचा असेल तर आधी.

जानेवारीच्या पहिल्या रविवारपासून सकाळी साडेसहाला आम्ही काहीजण बंधाऱ्यापाशी असू. गुडघ्यापर्यंतचे बूट असतील तर घाला, नसतील तर काठावरचं काम आहे: ओढलेली रोपं पाण्यापासून लांब पसरायची, मुळं उन्हात उलटी करून. खोल पाण्यात कुणी उतरायचं नाही. जुनी चादर, दोर, आकडा लावलेला बांबू, जे असेल ते आणा. नाल्याच्या तोंडाचा दर रविवारी एकाच जागेवरून फोटो काढायचा आहे, तारखेसह. तेवढ्यासाठी आलात तरी चालेल.

शेजारची पोरगी येणार आहे. तिला डोंगर ओलांडून आलेलं पाणी अजून बघायचंय.